एका घरात तीन बुरशी

जूनमध्ये माझ्या कमरेवर एक चट्टा उठला. त्यामागची औषधं, तपासण्या आणि धुण्याची उस्तवार संपायला पुढच्या वर्षीचा ऑगस्ट उजाडला. मधल्या काळात घरातली तीन माणसं त्वचारोगतज्ज्ञांकडे जाऊन आली, तिघांना तीन वेगळी औषधं मिळाली, आणि ‘हे घरात आणलं कुणी’ हा वाद प्रयोगशाळेच्या अहवालानं मिटवला. जांघेतली किंवा छातीखालची खाज चारचौघांत बोलायची गोष्ट नाही, त्यामुळे माणसं गुपचूप खाजवत राहतात आणि हाताला लागेल ते मलम चोळतात. म्हणून लाज बाजूला ठेवून सगळं क्रमानं लिहिते आहे. औषधांची नावं दिली आहेत ती डॉक्टर काय बोलताहेत ते कळावं म्हणून. ती वाचून स्वतःच औषध सुरू करू नका. ते का, हेही पुढे येईलच.

कपड्याचं इलॅस्टिक जिथं रुततं तिथं आधी नाण्याएवढा गुलाबी ठिपका दिसला. आठवडाभरात त्याची कड उचलल्यासारखी झाली, कडेवर बारीक कोंडा आला आणि मधला भाग मात्र बरा झाल्यासारखा दिसू लागला. मग शेजारी दुसरा, आणि नंतर मांडीच्या आतल्या बाजूला मोठा. दिवसा कामात विसर पडायचा, रात्री अंथरुणात पडलं की खाज जागी व्हायची.

सासूबाईंनी बघताक्षणी सांगितलं, ‘‘नायटा आहे तो. हात लावू नकोस, पसरतो.’’ भाऊजींनी खिशातून एक ट्यूब काढली. ‘‘वहिनी, हे लावा. दोन दिवसांत थंड पडतं. मी किती दिवस वापरतोय.’’ किती दिवस वापरताहेत याच्यातच गोम होती, पण ते तेव्हा कुणालाच कळलं नाही. मला तोवर त्वचारोगतज्ज्ञांची वेळ मिळाली होती, दोन आठवड्यांनंतरची, आणि वेळ देणाऱ्या बाईंनी फोनवरच बजावलं होतं की यायच्या आधी चट्ट्यावर काहीही लावू नका, नमुना नीट मिळत नाही. त्यामुळे ट्यूब परत गेली.

ते दोन आठवडे जड गेले. त्या काळात एकच कामाची गोष्ट केली: दर तीन-चार दिवसांनी एकाच खिडकीच्या उजेडात फोटो काढले आणि बॉलपेननं चट्ट्याच्या कडेभोवती रेघ मारून ठेवली. कड रेघेच्या बाहेर सरकते की नाही, हे नुसत्या नजरेला कळत नाही. डॉक्टरांनी ते फोटो बघायला घेतले तेव्हा बरं वाटलं.

नोंदणीचा फॉर्म चांगला लांबलचक होता. कधीपासून आहे, घरात आणखी कुणाला आहे का, आधी काय लावलं, मधुमेह, यकृताचा आजार, हृदयाचा आजार, गरोदरपण, अंगावर पाजणं, चालू असलेली सगळी औषधं. खाजेसाठी आलेल्या बाईला हृदयाबद्दल कशाला विचारतात, असं मनात आलं. उत्तर असं की बुरशीवरच्या काही गोळ्या यकृतावर ताण देतात, काही कमकुवत हृदयाला चालत नाहीत आणि काही कोलेस्टेरॉलच्या किंवा अॅसिडिटीच्या औषधांशी भांडतात. तेव्हा जाताना घरातल्या सगळ्या चालू गोळ्यांची पाकिटं पिशवीत टाकून न्या. नावं ऐन वेळी आठवत नाहीत.

बाहेर ताटकळताना शेजारी एक बाई मुलीला घेऊन बसल्या होत्या. मुलीच्या पाठीवर फिकट ठिपके होते आणि आईच्या डोक्यात कोडाची भीती. आतून बाहेर आल्या तेव्हा चेहरा पार बदललेला. ‘‘शिबे आहेत म्हणे.’’ मी नंतर डॉक्टरांना त्याबद्दल विचारलं. शिबे करणारी मॅलसेझिया नावाची बुरशी मुळात बहुतेकांच्या त्वचेवर राहतेच, तेलकटपणावर जगते, आणि घाम, दमटपणा वाढला की जोर धरते. ती त्वचेचा रंग बनवणाऱ्या पेशींच्या कामात अडथळा आणते म्हणून डाग फिके दिसतात, आणि नखानं हलकेच खरवडलं तर भुसा पडतो. कोडाच्या डागावर असा भुसा नसतो. केटोकोनॅझोल किंवा सेलेनियम सल्फाइडचा शाम्पू अंगाला लावून धुवायला देतात. बुरशी काही आठवड्यांत मरते, रंग परत यायला मात्र महिने लागतात, आणि तेवढ्यात लोक ‘औषध लागू पडलं नाही’ म्हणून डॉक्टर बदलतात. शिबे पुन्हा पुन्हाही येतात. ती अस्वच्छतेची गोष्ट नव्हे.

माझी पाळी आली. पडदा ओढला, मदतनीस बाई आत थांबल्या, आणि मला वाटलं होतं त्याच्या निम्मीही लाज वाटली नाही, कारण डॉक्टरांच्या चेहऱ्यावर रोज शंभर जांघा बघणाऱ्या माणसाचा शांतपणा होता. कंबर, मांडी, काखा, छातीखाली, बोटांच्या बेचक्या सगळं पाहून झालं आणि मग त्या म्हणाल्या, ‘‘आता मोजे काढा.’’

पायाला माझी काही तक्रार नव्हती. तळव्याची कातडी कोरडी होती, रेषांमध्ये पीठ भरल्यासारखी पांढरी. करंगळीच्या शेजारच्या बेचकीत थोड्या चिखल्या होत्या, त्या तर येतात-जातात. अंगठ्याचं नख पिवळं, जाड आणि कडेला ठिसूळ. त्यांनी नखाकडे बोट दाखवलं. ‘‘हे मुक्कामाचं ठिकाण दिसतंय. कमरेवर आलेत ते इथून गेलेले असण्याची शक्यता जास्त.’’ आतले कपडे घालताना ते पायांवरून वर सरकतात, तळव्यावरचा कोंडा घेऊन थेट जांघेपर्यंत. म्हणून ज्याच्या पायाला बुरशी आहे त्यानं आधी मोजे घालायचे आणि मग आतले कपडे. अंघोळीनंतर पाय सगळ्यात शेवटी पुसायचे, शक्यतो वेगळ्या पंच्यानं. या वर्षात ऐकलेल्या सगळ्या सल्ल्यांमध्ये हा मला सर्वांत बिनखर्चाचा आणि सर्वांत कमी लोकांना ठाऊक असलेला वाटला.

मग खरवड. ब्लेडचं नाव ऐकून पोटात गोळा आला होता, पण कातडी कापत नाहीत. चट्ट्याच्या कडेवरचा कोंडा ब्लेडनं हलकेच काचपट्टीवर पाडतात. मधला भाग घेत नाहीत, कारण बुरशी कडेला असते. ती गोलाकार बाहेर बाहेर सरकते आणि मागे मधली त्वचा निवळत जाते, म्हणूनच ते कडं दिसतं. काचपट्टीवर पोटॅशियम हायड्रॉक्साइडचा थेंब टाकला की त्वचेच्या पेशी विरघळू लागतात आणि बुरशीचे धागे तसेच राहतात. थोड्या वेळानं डॉक्टरांनी सूक्ष्मदर्शकात बघायला बोलावलं. फिकट, फांद्या फुटलेल्या, आडवे पडदे असलेल्या काड्या. इतके दिवस मला जागवणारी वस्तू ही एवढीशी.

नायटा किंवा गजकर्ण करणाऱ्या या बुरशी केरॅटिनवर जगतात. केरॅटिन म्हणजे त्वचेचा वरचा मृत थर, केस आणि नखं यांचं द्रव्य. जिवंत मांसात त्या सहसा शिरत नाहीत. खाज आणि लाली हा शरीराचा त्यांच्यावरचा राग. इसब, सोरायसिस आणि आणखी काही त्वचारोगही असेच गोल, लालसर, खवलेदार दिसू शकतात, त्यामुळे नुसत्या नजरेनं अनुभवी माणूसही फसतो, असं डॉक्टर म्हणाल्या. उलटंही होतं: डोक्यावर किंवा दाढीत केस गेलेला गोल भाग दिसला की चाई म्हणून सोडून देतात आणि ती बुरशी निघते. लहान मुलांच्या डोक्यावरच्या बुरशीला तर नुसतं मलम पुरत नाही, कारण बुरशी केसाच्या आत असते. पोटातूनच औषध द्यावं लागतं.

खरवडीचा निकाल त्याच भेटीत मिळाला. नखाचा नमुना आणि त्वचेचा नमुना बुरशी वाढवून बघायला प्रयोगशाळेत जायचा होता. इथं कागदांचा घोळ झाला. मी एकच फॉर्म घेऊन खिडकीवर गेले. तिथल्या गृहस्थांनी दोन डब्या, दोन जागा, तर दोन फॉर्म असं सांगून परत पाठवलं. परत गेले तर एका फॉर्मवर ‘गेल्या काही आठवड्यांत बुरशीवर काही औषध घेतलं का’ हा रकाना रिकामा. तो भरल्याशिवाय नमुना घेत नाहीत, आणि ते बरोबरच आहे, कारण औषध चालू असताना बुरशी वाढवून बघितली तर काहीच उगवत नाही आणि अहवाल खोटाच ‘नाही’ येतो. नमुना देण्याआधी फॉर्मवर जागा, कालावधी, आधीचं औषध आणि डॉक्टरांची सही एवढं तपासून घ्या. अहवालाला चार आठवड्यांपर्यंत लागतात. बुरशी सावकाश वाढते, मागे लागून ती लवकर वाढत नाही.

अंगावरच्या चट्ट्यांना मलम लगेच सुरू झालं. लावण्याची पद्धत डॉक्टरांनी हातात धरून शिकवली म्हटलं तरी चालेल. तर्जनीच्या टोकापासून पहिल्या पेरापर्यंत ट्यूबमधून काढलेली रेघ म्हणजे साधारण अर्धा ग्रॅम, आणि ती मोठ्या माणसाच्या दोन तळहातांएवढ्या जागेला पुरते. चट्ट्याच्या कडेच्या पुढे दोन सेंटिमीटरपर्यंत लावायचं, कारण डोळ्यांना स्वच्छ दिसणाऱ्या त्या पट्ट्यात बुरशी पोचलेली असते. बाहेरून आत चोळत यायचं. आणि चट्टा दिसेनासा झाल्यावर पुढे दोन आठवडे चालूच ठेवायचं.

नखाला मलम पुरेसं नव्हतं. टर्बिनाफिनच्या गोळ्या ठरल्या, पायाच्या नखासाठी रोज एक याप्रमाणे बारा आठवडे. सुरू करण्याआधी यकृताची रक्ततपासणी. नखाखालचा भुगा सूक्ष्मदर्शकात तपासून बुरशी पक्की दिसल्यावरच चिठ्ठी मिळाली, कारण जाड पिवळं नख दरवेळी बुरशीचंच असतं असं नाही. बुटाचा मार, सोरायसिस यांनीही ते तसं होतं. एवढ्या मोठ्या काळाच्या गोळ्या अंदाजानं देत नाहीत.

गोळ्यांची मला भीती वाटत होती, ती मी बोलूनही दाखवली. डॉक्टरांनी कोणती लक्षणं दिसली तर गोळी थांबवून फोन करायचा ते चिठ्ठीच्या मागे लिहून दिलं: डोळे पिवळे होणं, लघवी गडद होणं, सारखी मळमळ, अंगावर पुरळ, जिभेची चव जाणं. माझ्या वाट्याला सुरुवातीचे काही दिवस पोट जड वाटणं एवढंच आलं. त्या भीतीच्या भरात थोडं वाचलं तेव्हा एक गोष्ट कळली. पोटातून घेऊन त्वचेच्या बुरशीपर्यंत पोचणारं पहिलं औषध ग्रिसिओफुल्विन, तेही एका बुरशीतूनच 1939मध्ये वेगळं केलेलं, आणि तोंडानं देऊन त्याचा उपयोग होतो हे गिनीपिगांवर दिसलं 1958मध्ये. त्याआधी मुलांच्या डोक्यावरच्या बुरशीसाठी क्ष-किरण मारून केस गाळत असत. हे वाचल्यावर रोजची गोळी मुकाट्यानं गिळली.

दहा-बारा दिवसांत खाज गेली. हा सगळ्यात अवघड टप्पा. खाज होती तेव्हा मलमाची आठवण करून द्यावी लागत नव्हती. ती गेल्यावर ट्यूब कपाटातच राहायला बघते, ट्यूबही संपत आलेली असते आणि नवी आणायचा कंटाळा येतो. खाज जाते ती शरीराचा राग निवल्यामुळे. धागे अजून त्या मृत थरात असतात, आणि तो थर पूर्ण झडून नवा यायला साधारण चार आठवडे लागतात. मी मलमाची वेळ दात घासण्याला जोडून टाकली आणि कॅलेंडरवर शेवटची तारीख लाल पेननं लिहून ठेवली.

जुलैत माझे चट्टे फिके पडत होते, तेव्हा भाऊजी एके रात्री खोलीच्या दाराशी घुटमळत आले. ‘‘वहिनी, तुमच्या त्या डॉक्टर पुरुषांनाही तपासतात का?’’

त्यांचं दुखणं माझ्यापेक्षा जुनं आणि दिसायला अगदी वेगळं होतं. कडं नाही, कोंडा जवळजवळ नाही. जांघेपासून मांडीपर्यंत पसरलेली लाली, मध्ये मध्ये पुटकुळ्या, कातडी पातळ झालेली आणि जांघेत जांभळट रेघा. ट्यूबवरचं बारीक अक्षर डॉक्टरांनी त्यांनाच वाचायला लावलं. बुरशीवरचं औषध, जंतूंवरचं औषध, आणि तिसरं क्लोबेटासॉल, म्हणजे फार तीव्र स्टिरॉइड. दोन दिवसांत थंड पडायचं ते या तिसऱ्यामुळे. स्टिरॉइड शरीराचा राग दाबतं, म्हणून खाज आणि लाली जाते, पण बुरशीला आवरून धरणारा तो रागच गेल्यावर ती मोकाट पसरते. मलम थांबवलं की दुपटीनं खाज, की पुन्हा मलम. शिवाय ओळखीची खूणच पुसली जाते. या बदललेल्या रूपाला 1968मध्ये वैद्यकात ‘टिनिया इन्कॉग्निटो’, म्हणजे वेष पालटलेला नायटा, असं नाव दिलं गेलं. जांघेची त्वचा मुळात पातळ, त्यात घडीत झाकलेली, त्यामुळे तिथं स्टिरॉइड जास्त मुरतं. त्या जांभळट रेघा म्हणजे त्वचा ताणून फाटल्याच्या खुणा, त्या पूर्ण पुसल्या जात नाहीत.

तुमच्या ट्यूबवर क्लोबेटासॉल, बीटामेथासोन, मोमेटासोन यांपैकी काही लिहिलं असेल तर ते स्टिरॉइड आहे. अशी नावं बरीच आहेत. शंका आली तर ट्यूबच डॉक्टरांना दाखवा.

ट्यूब बंद केल्यावरचे पहिले आठवडे भाऊजींना फार जड गेले. आधीपेक्षा जास्त लाल, जास्त खाज. हे होणार, असं डॉक्टरांनी आधीच सांगितलं होतं आणि खाजेसाठी रात्रीची गोळी दिली होती, म्हणून निभावलं. तरी एकदा ते मला म्हणाले, ‘‘ती ट्यूब कुठं ठेवलीत?’’ मी ती आधीच फेकली होती.

त्यांना पूर्वी एका डॉक्टरांनी टर्बिनाफिनच्या गोळ्या देऊन पाहिल्या होत्या, उपयोग झाला नव्हता. म्हणून त्यांच्या कोंड्याचाही नमुना वाढवायला पाठवला. माझा अहवाल जुलैअखेर आला: त्वचेत ट्रायकोफायटॉन रुब्रम. नखाच्या नमुन्यात काही वाढलं नाही. नखाच्या बाबतीत असं पुष्कळदा होतं, सूक्ष्मदर्शकात धागे दिसले असल्यानं उपचार बदलला नाही. भाऊजींचा अहवाल ऑगस्टात आला, त्यात ट्रायकोफायटॉन मेंटाग्रोफायटीस गटातली बुरशी होती. म्हणजे इतके दिवस घरात जे चाललं होतं, की त्यांच्या टॉवेलनं मला झालं की माझ्या टॉवेलनं त्यांना, ते दोन्ही खोटं. माझी बुरशी माझ्या नखातली आणि त्यांची त्यांनी बाहेरून आणलेली. सासूबाईंच्या तपासाला मोठाच धक्का बसला.

या दुसऱ्या गटात अलीकडे एक हट्टी प्रकार ओळखला गेला आहे, ट्रायकोफायटॉन इंडोटिनिए. हे नाव त्याला 2020मध्ये मिळालं. दक्षिण आशियात तो खूप आढळतो आणि तिथून बाहेरही पोचला आहे, अमेरिकेतले पहिले रुग्ण 2023मध्ये नोंदले गेले. टर्बिनाफिन बुरशीच्या ज्या विकरावर (एन्झाइमवर) घाव घालतं तेच या प्रकारात बऱ्याचदा बदललेलं असतं, म्हणून औषध निष्प्रभ ठरतं. साध्या प्रयोगशाळेत तो मेंटाग्रोफायटीस म्हणूनच नोंदला जातो, पक्की ओळख जनुकीय तपासणीनं होते. भाऊजींची ती तपासणी केली नाही. आधीची गोळी लागू न पडणं आणि हा अहवाल, एवढ्यावर डॉक्टरांनी औषध बदलून इट्राकोनॅझोल दिलं.

इट्राकोनॅझोलच्या कॅप्सूलचा एक नखरा आहे. तिला पोटातलं आम्ल लागतं. भरपेट जेवणानंतरच घ्यायची, आणि अॅसिडिटी कमी करणारी गोळी चालू असेल तर ती नीट शोषली जात नाही. भाऊजी रोज सकाळी अॅसिडिटीची गोळी घेत होते. फॉर्मवर त्यांनी ती लिहिली नव्हती, कारण ‘ते काय औषध आहे?’ पिशवीतलं पाकीट डॉक्टरांनी पाहिलं म्हणून कळलं. कोलेस्टेरॉलच्या काही गोळ्यांबरोबर तर ही कॅप्सूल देतच नाहीत, आणि हृदय कमकुवत असलेल्यालाही ती टाळतात. त्यांना बरं व्हायला माझ्यापेक्षा कितीतरी जास्त वेळ लागला. ऑक्टोबर गेला, नोव्हेंबर गेला, औषध डिसेंबरात थांबलं.

सासूबाई या सगळ्यात नायट्यावर व्याख्यानं देत होत्या. ऑगस्टअखेर एकदा त्यांना छातीखाली पावडर थापताना मी पाहिलं. ‘‘आई, बघू का?’’ म्हटल्यावर आधी ‘‘काही नाही, घामोळं आहे,’’ आणि मग हळूच पदर बाजूला. घडीत लालभडक, ओलसर, मध्ये चीर पडलेली, आणि मुख्य लालीच्या बाहेर सुट्या बारीक पुटकुळ्यांचे ठिपके. मी माझंच मलम पुढे करणार होते, पण घरात दोन बुरशी दोन तऱ्हेच्या निघाल्यावर तेवढा शहाणपणा आला होता.

डॉक्टरांनी त्या सुट्या ठिपक्यांवरूनच अंदाज बांधला आणि खरवडीत तो खरा ठरला. ही कॅन्डिडा, धाग्यांच्या नव्हे तर यीस्टच्या कुळातली. ती ओल्या घडीत वाढते: छातीखाली, जांघेत, पोटाच्या वळीखाली, बाळांच्या लंगोटाच्या जागी. तिच्यावर निस्टॅटिन चालतं, जे नायट्यावर अजिबात चालत नाही. क्लोट्रिमॅझोल दोन्हींवर चालतं. सासूबाईंना तेच मिळालं, आणि घडीत सुती कापडाची पट्टी ठेवायला सांगितली, ओली झाली की बदलायची. मलमापेक्षा कोरडेपणावर भर होता. आणि रक्तातली साखर. त्यांना मधुमेह आहे हे माहीत होतं, पण तीन महिन्यांची सरासरी दाखवणारी एचबीएवनसी तपासणी बरीच चढलेली निघाली. बुरशीच्या निमित्तानं साखरेचं औषध बदललं. बाहेर आल्यावर त्या म्हणाल्या, ‘‘म्हणजे मला नायटा नाही तर!’’ आणि घरी सगळ्यांना फोन करून तेवढंच सांगितलं.

आता धुणं. त्वचेवरून गळालेल्या कोंड्यात बुरशी कित्येक महिने जिवंत राहू शकते, आणि कोमट पाण्याच्या धुण्यात ती नक्की मरेल असं नाही. साठ अंशांच्या पाण्यात धुतलं तर मरते. आमचे टॉवेल, चादरी, आतले कपडे आणि मोजे वेगळे काढून गरम पाण्यात, बाकी साधं. कपडे उलटे करून उन्हात, आणि कमरेच्या शिवणींवर गरम इस्त्री. प्रत्येकाचा टॉवेल वेगळा, नखं कापायचं यंत्र वेगळं. बूट एक दिवसाआड, म्हणजे मधल्या दिवशी ते वाळतात. घट्ट कपडे बंद. हे सगळं पहिला महिना उत्साहानं झालं, नंतर कुरकुर सुरू झाली, आणि डिसेंबरात माझ्याशिवाय कुणी करत नव्हतं. तरी टॉवेल वेगळे राहिले, तेवढं पुरे म्हणते मी.

खर्चाबद्दल विचारतात म्हणून सांगते. सगळ्यात कमी पैसे लागले ते खरवडीच्या तपासणीला, आणि सगळ्यात जास्त वाचले तेही तिच्यामुळेच. बुरशी वाढवून बघण्याची तपासणी तुलनेनं महाग, साध्या पहिल्या चट्ट्याला ती लागतही नाही. औषध लागू पडलं नसेल, नखाचा प्रश्न असेल, किंवा स्टिरॉइडनं चट्ट्याचं रूप बदललं असेल तर मागवतात. बाकी पैसा गेला तो मलमांत, कारण सांगितलेल्या मापानं लावलं तर ट्यूब भराभर संपते. चिठ्ठीवर मूळ औषधाचं नाव लिहून मागा, त्याच औषधाच्या स्वस्त ट्यूबा असतात. गोळ्या पूर्ण काळाच्या एकदम घेऊ नका, मधल्या रक्ततपासणीनंतर पुढच्या घ्या.

माझ्या टर्बिनाफिनच्या गोळ्या ऑक्टोबरात संपल्या आणि नख तसंच पिवळं होतं. हे आधी माहीत नसतं तर मी हादरले असते. मेलेला भाग दुरुस्त होत नाही, मागून नवं नख येऊन तो पुढे ढकलला जातो. पायाच्या अंगठ्याचं नख महिन्याला जेमतेम एक-दीड मिलिमीटर वाढतं, पूर्ण बदलायला वर्ष ते दीड वर्ष. औषध मात्र नखात मुरून गोळ्या थांबल्यावरही काही महिने काम करत राहतं. डॉक्टरांनी नखावर, चांगला भाग जिथं संपतो तिथं, कानशीनं एक बारीक खाच केली. खाच पुढे सरकली आणि मागचा भाग स्वच्छ राहिला तर औषध लागू पडलं. दर महिन्याला फोटो काढत गेले. मार्चपर्यंत अर्धं नख गुलाबी झालं होतं.

मधे जानेवारीत एकदा घाबरले. बेचकीतली कातडी फाटली होती, आणि दोन दिवसांत पायाचा घोटा लाल, गरम, सुजलेला, अंगात कणकण. त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवलं. बुरशीनं पडलेल्या चिरेतून जंतू आत शिरले होते, त्यावर प्रतिजैविकं मिळाली. चिखल्यांना हसण्यावारी नेतात, पण पायावर अशी गरम लाली पसरत असेल आणि ताप असेल तर वेळ घेत बसायचं नाही, तसंच उठून जायचं. मधुमेह असलेल्यांनी तर नक्कीच.

ऑगस्टमधल्या शेवटच्या भेटीत नखाचा शेवटचा पिवळा तुकडा कापला गेला. भुग्याची खरवड स्वच्छ आली. कमरेवर तपकिरी डाग उरले आहेत. त्यांच्यावर कोंडा नाही, खाज नाही, कड नाही, म्हणजे तो नुसता मागे राहिलेला रंग आहे. त्याला मलम लावायचं नाही, तो आपला आपण फिका होईल. बेचक्यांमध्ये आठवड्यातून दोनदा मलम चालू ठेवायचं आहे, आणि जुने बूट वापरायचे असतील तर आत बुरशीवरची पावडर टाकायची आहे. मी ते बूट टाकून दिले. भाऊजींची जांघ स्वच्छ आहे, रेघा राहिल्यात. सासूबाईंची पुढची साखर तपासणी नोव्हेंबरात आहे, आणि या वेळी फॉर्म मी भरणार आहे.